विलंब माफ, पण कशासाठी?

मुदत कायदा, 1963 च्या कलम 5 ने न्यायालयांच्या हाती एक मोठा अधिकार दिला आहे. अपील किंवा अर्ज मुदत उलटून गेल्यावर आला, तरी उशिराला पुरेसं कारण होतं अशी न्यायालयाची खात्री पटली तर तो दाखल करून घेता येतो. दाव्याला ही सवलत नाही. समोरच्याने हरकत घेतली नाही तरी मुदतबाह्य दावा फेटाळायचाच, असं कलम 3 सांगतं. प्रश्न असा, की हा माफीचा अधिकार वापरताना न्यायाधीशाने कारणं लिहायलाच हवीत का? एकाच कुटुंबात या प्रश्नाला दोन उत्तरं आहेत. मामा जिल्हा न्यायाधीश म्हणून निवृत्त झाले. भाची जिल्हा न्यायालयात दिवाणी वकिली करते. वाद तिनेच काढला.

भाची : मामा, परवा हातात पडलेला एक आदेश ऐका. नावगाव गाळून वाचते. ‘अर्ज व त्यावरील म्हणणे वाचले. उभय पक्षांच्या वकिलांना ऐकले. न्यायहितार्थ अर्ज मंजूर. अर्जदाराने खर्चापोटी रुपये 500 द्यावेत.’ बस्स, संपला. उशीर होता चौदा महिन्यांचा. आमच्या पक्षकाराने हुकूमनाम्याची दरखास्त लावली होती, ताबा मिळायच्या बेतात होता. तो मला विचारतो, ‘मॅडम, त्यांचं कुठलं कारण साहेबांना पटलं?’ काय सांगू त्याला?

मामा : सांगायचं, की बाबा, तू हरलेला नाहीस, अपील अजून ऐकायचंय. अगं, उशीर माफ केला तर जास्तीत जास्त काय होतं? अपील गुणदोषांवर ऐकलं जातं. माफ नाही केला, तर एखाद्याचा खरा हक्क न ऐकताच संपतो. म्हणून अर्ज नामंजूर करताना मी दोन-दोन पानं लिहायचो आणि मंजूर करताना दोन ओळी. ज्या आदेशाने कुणाचं तरी कायमचं नुकसान होतं, तिथे कारणं जास्त लागतात. आणि हे काही माझ्या पदरचं नाही. 1987 चा कातिजी निकाल घे. काश्मीरमध्ये भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याविरुद्ध कलेक्टरने अपील केलं, चार दिवस उशिरा. उच्च न्यायालयाने ते मुदतीवर फेटाळलं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, मुद्दाम उशिरा अपील करून सहसा कुणाचा फायदा होत नसतो. प्रत्येक दिवसाचा खुलासा द्या म्हणजे काय प्रत्येक तासाचा आणि प्रत्येक सेकंदाचा द्या? व्यवहारज्ञान ठेवा.

भाची : कातिजी आमच्या बारमध्ये नव्या ज्युनिअरलाही पाठ असतो. गंमत अशी, की चार दिवसांचा निकाल चौदा महिन्यांच्या अर्जाला जोडला जातो आणि मधल्या फरकाबद्दल कुणी अवाक्षर काढत नाही. ‘तू हरलेला नाहीस’ हे तर मला मुळीच मान्य नाही. मुदत संपते त्या दिवशी जिंकलेल्या माणसाच्या पदरात काहीतरी पडतं. आपल्या न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी 1961 साली रामलाल विरुद्ध रेवा कोलफील्ड्समध्ये हेच सांगितलं ना? मुदत उलटली की हुकूमनामाधारकाला एक मौल्यवान हक्क मिळतो. तो सहजासहजी काढून घ्यायचा नाही.

मामा : अर्धाच रामलाल सांगतेस. त्या खटल्यात उशीर होता एका दिवसाचा. अपील करणारा नेमका शेवटच्या दिवशी आजारी पडला. खालच्या न्यायालयाचं म्हणणं, मुदतीचे सगळे दिवस हा काय करत होता तेही सांगू दे. गजेंद्रगडकर म्हणाले, नाही. मुदत त्याची आहे, शेवटच्या दिवसापर्यंत थांबायचा त्याला हक्क आहे. खुलासा द्यायचा तो शेवटच्या दिवसापासून पुढचा. आणि उशीर माफ केला.

भाची : केला, आणि का केला ते सांगून केला! एकाच निकालात दोन्ही माणसं दिसतात. आजारी पडलेला दिसतो आणि हुकूमनामा घेऊन बसलेलाही दिसतो. माझ्याकडच्या आदेशात दुसरा माणूस कुठे आहे? आमच्या पक्षकाराने अर्जावर तीन पानी से, म्हणजे लेखी म्हणणं, दिला होता, कागद जोडले होते. ते वाचले असं आदेश म्हणतो. वाचून काय वाटलं, ते म्हणत नाही.

मामा : बरं. पण कलम 5 मध्ये ‘कारणं नोंदवून’ असे शब्द आहेत का? नाहीत. कायद्याला जिथे लेखी कारणं हवी असतात, तिथे तो तसं स्पष्ट म्हणतो. इथे विषय न्यायाधीशाच्या खात्रीवर सोडलाय.

भाची : खात्री पटली की नाही, हे वरच्या न्यायालयाला कळणार कसं? 1997 चा रामचंद्रन विरुद्ध केरळ राज्य बघा. सरकारच्या अपिलाला 565 दिवस उशीर. उच्च न्यायालयाने शपथपत्रातला मजकूर विचारात घेऊन अर्ज मंजूर करण्याकडे आमचा कल आहे, अशा अर्थाचा आदेश केला आणि उशीर माफ केला. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. खुलासा वाजवी किंवा समाधानकारक आहे असं उच्च न्यायालयाने कुठेही नोंदवलेलं नाही, आणि माफीसाठी तेवढं तरी लागतंच, असं ते म्हणालं. पुढे हेही म्हणालं, की मुदतीचा कायदा एखाद्याला जाचक वाटेल, पण केवळ कणव म्हणून मुदत वाढवायचा अधिकार न्यायालयाला नाही. कलमात शब्द नसतील, मामा. पण दिवाणी प्रक्रिया संहितेत निकालपत्राची व्याख्याच अशी आहे, की हुकूमनाम्यामागची किंवा आदेशामागची कारणं सांगणारं न्यायाधीशाचं निवेदन. मग कारणंच नसतील, तर त्या कागदावर उरलं काय? सही आणि शिक्का.

मामा : रामचंद्रनच्या दुसऱ्याच वर्षी बालकृष्णन आला, तो कुठे ठेवतेस? 883 दिवस उशीर. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, किती दिवस हे महत्त्वाचं नाही, खुलासा पटतो का ते बघा. आणि पुढे जे म्हणालं ते तुझ्या अंगावर येणारं आहे. खालच्या न्यायालयाने एकदा उशीर माफ केला, की वरच्याने सहसा हात घालायचा नाही. तो अधिकार पूर्ण मनमानीने वापरला असेल तरच घालायचा. खालच्याने माफी नाकारली असेल, तर मात्र वरचं न्यायालय सगळं नव्याने तपासू शकतं. म्हणजे मी म्हणतो तो फरक, माफी देणं वेगळं आणि नाकारणं वेगळं, खुद्द सर्वोच्च न्यायालयानेच केलाय.

भाची : आणि माझा सगळ्यात मोठा मुद्दा तिथूनच निघतो. माफीच्या आदेशात वरचं न्यायालय सहसा हात घालणार नाही, हे ठरलं. म्हणजे आमच्या पक्षकारासाठी तो आदेश जवळजवळ शेवटचाच. ज्या आदेशावर वरून फारसा अंकुश नाही, त्यात तर कारणं जास्तच हवीत. मनमानी झाली की नाही हे तपासायलाही कारणं लागतात. कोऱ्या जागेची मनमानी कशी सिद्ध करायची?

आणि बालकृष्णनच्या खुलाशात काय होतं ते आठवा. त्याच्याविरुद्ध एकतर्फी हुकूमनामा झाला. तो रद्द करण्यासाठी केलेला अर्जही हजर न राहिल्याने निकाली निघाला. वकिलाने कळवलंच नाही, हे त्याचं म्हणणं. एवढ्यावर तो थांबला नाही. त्या वकिलाविरुद्ध ग्राहक मंचात गेला आणि 50,000 रुपयांची भरपाई मिळवली. वकिलाची चूक सांगणारे अर्ज रोज पडतात, पण हा माणूस ती चूक दुसऱ्या मंचासमोर शाबित करून आला होता. 883 दिवस माफ का झाले, हे निकाल वाचणाऱ्या कुणालाही कळतं. हरलेल्या बाजूलासुद्धा.

मामा : तू वरच्या न्यायालयांचे गाजलेले निकाल वाचून बोलतेस. मी तालुका न्यायालयाच्या रोजच्या बोर्डाबद्दल बोलतोय. सकाळी अकराला बोर्ड पुकारायला घ्यायचा. त्यात साक्षीपुरावे, मनाईचे अर्ज, रिमांड, तडजोडी, आणि मधूनमधून हे किरकोळ अर्ज. स्टेनो एक, तोही अर्धा दिवस रजेवर. प्रत्येक विलंब माफीवर निबंध लिहीत बसलो असतो, तर मूळ दावे कधी चालवले असते? विलंब माफ करायलाच विलंब!

भाची : वेळेचाच हिशोब मांडू. तुमचा दोन ओळींचा आदेश घेऊन आम्ही संविधानाच्या अनुच्छेद 227 खाली उच्च न्यायालयात जातो, कारण त्याविरुद्ध सरळ अपील नाही. तिथे याचिका सुनावणीला यायलाच महिने जातात. न्यायमूर्ती आदेश वाचतात, कारण दिसत नाही, म्हणून प्रकरण परत पाठवतात, ‘पुन्हा ऐका, कारणं द्या.’ पुन्हा नोटीस, पुन्हा से, पुन्हा युक्तिवाद. तुमची दहा मिनिटं वाचली आणि पक्षकाराचं वर्ष गेलं. तोवर अपील जागेवर, दरखास्तही जागेवर.

मामा : मग हा नियम वरपासून लागू कर. सर्वोच्च न्यायालयाचे विशेष अनुमती याचिकांवरचे आदेश उघडून बघ. ‘विलंब माफ. नोटीस काढा.’ किंवा ‘विलंब माफ. याचिका फेटाळली.’ दोन-दोन शब्द. रामचंद्रनमध्ये केरळ उच्च न्यायालयाला कारणं नाहीत म्हणून झापायचं आणि स्वतः रोज दोन शब्दांत माफी द्यायची? कनिष्ठ न्यायाधीश वरच्यांचं बघून शिकतो. त्याला एकट्याला का दोष देतेस?

भाची : हा टोला बरोबर बसला. थोडा फरक दाखवता येईल. याचिका फेटाळलीच, तर माफीने समोरच्याचं काही बिघडत नाही. नोटीस काढली, तर समोरच्याला अजून बोलता येतं. पण समोरचा हजर झाल्यावर, उशिरावर हरकत घेतल्यावरही त्या दोन शब्दांवरच काम भागत असेल, तर तिथेही माझं म्हणणं तेच. आणि हे दुखणं आजचं नाही. ब्रिटिश काळात मद्रासकडे समोरच्याला न ऐकताच अपील दाखल करून घ्यायची पद्धत होती. मुदतीची हरकत मग अंतिम सुनावणीपर्यंत लोंबकळत राहायची. 1917 साली प्रिव्ही कौन्सिलने बजावलं, की हा प्रश्न सुरुवातीलाच, समोरच्याला ऐकून, कायमचा निकाली काढा. ते आपल्या संहितेत यायला 1976 उजाडलं. आदेश 41 ला नियम 3-अ जोडला, की उशिरा अपील करणाऱ्याने अपिलासोबतच माफीचा अर्ज द्यायचा, आणि अपिलाकडे वळण्याआधी त्याचा फैसला व्हायचा. ऐकणं सक्तीचं केलं ते कशासाठी? ऐकलेलं निर्णयात उतरावं म्हणूनच ना.

मामा : आता मला खरी भीती वाटते ते सांगतो. कारणं सक्तीची झाली, की न्यायाधीश कागद मागायला लागतो. कावीळ झाली? सर्टिफिकेट कुठाय? वकिलाने कळवलं नाही? पत्र दाखव. ज्याच्याकडे फाइल असते, शिक्के असतात, तो तरतो. ऊसतोडीला गेलेल्या माणसाकडे कसला कागद? नोटीस आली तेव्हा घरात कुणी नव्हतं, परतला तो पाडव्यानंतर. म्हणतो, ‘साहेब, नव्हतो इथं.’ त्याच्या तोंडाकडे बघून मला कळायचं, की खरं बोलतोय. ते ‘तोंडाकडे बघून’ मी आदेशात कसं लिहू? म्हणून ‘न्यायहितार्थ’ लिहायचो. कारणांची सक्ती कर, सुक्याबरोबर ओलंही जळेल.

भाची : पण त्याच ‘न्यायहितार्थ’खाली कोण कोण तरून जाऊ पाहतं, ते बघा ना. मुंबई महापालिकेचं उदाहरण आपल्या डोळ्यांसमोरचं. शहर दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याविरुद्ध महापालिका सात वर्षांहून जास्त उशिरा अपिलात आली. तिच्याकडे विधी विभाग होता, वकिलांची फौज होती. मुंबई उच्च न्यायालयाने उशीर माफ केला. 2012 साली मणिबेन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती माफी रद्द केली. त्याच वर्षी टपाल खात्याला 427 दिवसांच्या उशिरावर सुनावलं, की फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती हा खुलासा नव्हे. 2020 मध्ये मध्य प्रदेश सरकारचे 663 दिवस नाकारून वर 25,000 रुपये खर्च बसवला. पुण्यातल्या एका मालमत्तेच्या वादात केंद्र सरकारचा उशीर 12 वर्षं 158 दिवसांचा. तिथे मुंबई उच्च न्यायालयाने माफी नाकारली आणि 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती नकारघंटाच कायम केली. 2025 मध्ये कर्नाटक गृहनिर्माण मंडळाचे 3966 दिवस. ते उच्च न्यायालयाने माफ केले होते, सर्वोच्च न्यायालयाने माफी रद्द केली. यात ऊसतोड कामगार कुठे दिसतो तुम्हाला?

मामा : सरकार म्हणजे शेवटी जनतेचा पैसा, हेही कातिजीतच आहे. सरकारला सावत्र वागणूक देऊ नका. 2023 च्या शिवराज सिंह प्रकरणात तर केंद्राला दिलेली 479 दिवसांची माफी सर्वोच्च न्यायालयाने टिकवली.

भाची : टिकवली, पण कशी? खुलासा वेगळा आणि सबब वेगळी, हे नीट उलगडून सांगून टिकवली. न्यायमूर्ती दीपांकर दत्तांचा तो निकाल मला पटो न पटो, त्याच्याशी मला भांडता येतं. ‘न्यायहितार्थ’शी कसं भांडू? ‘मी नव्हतो इथं’ म्हणणाऱ्या माणसाला तुम्ही त्याच्या चेहऱ्याकडे बघून दया दाखवलीत. पण आदेशात ती दया उतरली कुठे? दुसऱ्या दिवशी साखर कारखान्याचा वकील आला, त्यालाही तीच ओळ मिळाली. तिसऱ्या दिवशी सरकारी वकील आला, त्यालाही तीच. कारणं लिहिली नाहीत, की गरिबाची अडचण आणि बड्याची दिरंगाई कागदावर एकसारखी दिसतात. मग पुढचा न्यायाधीश त्याच ओळीचा दाखला घेतो आणि सगळ्यांत जास्त उशीर करणाऱ्याला सगळ्यांत जास्त माफी मिळते. न बोलता दाखवलेली दया गरिबाच्या वाट्याला फार थोडी येते, मामा.

तुम्ही म्हणता ते ‘तोंडाकडे बघून’ लिहिता येतं. ‘अर्जदार हंगामी मजूर आहे, नोटिशीच्या काळात गावाबाहेर होता असं शपथेवर सांगतो, उलटतपासात ते हाणून पाडलेलं नाही, त्याच्या परिस्थितीतल्या माणसाकडून लेखी पुराव्याची अपेक्षा वाजवी नाही.’ झालं की कारण! कागद नसला तरी कारण असू शकतं. कागद नाही म्हणून कारण नाही, असं कुठला कायदा म्हणतो?

मामा : हं. पण दुसरी एक खोड असते, ती वकिलांनीच लावलेली. कारणं लिहा म्हटलं, की चार पानं निकालांचे उतारे येतात. कातिजीची तत्त्वं, ईशा भट्टाचार्जी निकालातली लांबलचक यादी, बालकृष्णनचा परिच्छेद. आणि शेवटी ‘वरील विवेचन पाहता अर्ज मंजूर.’ संगणकावर एक नमुना तयार, फक्त नाव आणि दिवस बदलायचे. अशी कारणं तुला हवीत?

भाची : मुळीच नकोत. चार पानं निकालांची आणि त्या माणसाच्या उशिरावर एक शब्द नाही, असा आदेश दोन ओळींच्या आदेशापेक्षा वाईट. दोन ओळींत निदान लपवाछपवी नसते. 2011 च्या लंका वेंकटेश्वरलू निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं, की ‘उदार दृष्टिकोन’, ‘भरीव न्याय’ ही नावं घेऊन मुदतीचा कायदाच गुंडाळून ठेवता येणार नाही. मला हवी ती फक्त त्या प्रकरणातली हकिगत. तुम्ही इतकी वर्षं आदेश दिलेत. आत्ता तोंडी आदेश सांगा बघू. मी एक काल्पनिक प्रकरण देते, आणि विरुद्ध बाजूची वकील मी.

समजा, जमिनीच्या मालकी-ताब्याचा दावा. कनिष्ठ स्तर न्यायालयाचा निकाल 10 जानेवारीचा, हरली एक म्हातारी बाई. नकलेचा अर्ज 12 जानेवारीला, नक्कल हातात 22 जानेवारीला. जिल्हा न्यायालयात अपील दाखल 20 ऑगस्टला. कारण असं, की खटला मुलगा बघायचा. जानेवारीअखेर त्याचा अपघात झाला, मे अखेरपर्यंत तो अंथरुणावर होता, दवाखान्याचे कागद जोडलेत. पुढे ‘आर्थिक अडचण’. माझा से असा, की निरक्षर असली तरी बाई जुलैत याच निकालावरून झालेल्या फेरफाराच्या नोंदीवर हरकत घ्यायला तलाठ्याकडे गेली होती, तिचा अंगठा असलेल्या हरकतीची नक्कल जोडली आहे. तिला तलाठी कार्यालय सापडतं, न्यायालय सापडत नाही?

मामा : घे लिहून. अपिलाची मुदत 30 दिवस, 9 फेब्रुवारीपर्यंत. नकलेचे 11 दिवस मुदत कायद्याच्या कलम 12 प्रमाणे वजा, म्हणून मुदत संपली 20 फेब्रुवारीला. उशीर 181 दिवसांचा. पैकी 31 मेपर्यंतचे 100 दिवस मुलाच्या दुखापतीचे. कागद आहेत, ते खोटे असल्याचं प्रतिपक्षाचंही म्हणणं नाही. ते दिवस समजण्यासारखे आहेत. उरले 1 जून ते 20 ऑगस्ट, 81 दिवस. त्यासाठी अर्जात फक्त ‘आर्थिक अडचण’ आहे... थांब.

भाची : का थांबलात?

मामा : कारण हे 81 दिवस मला आत्ता दिसले. नुसता अर्ज वाचताना अपघात डोळ्यांत भरतो आणि सगळा उशीर त्याच्यावरच खपून जातो. असो. पुढे लिही. आर्थिक अडचणीचा तपशील नाही, तेवढ्यावर हे 81 दिवस माफ करता येत नाहीत. पण प्रतिपक्षाने हजर केलेली हरकतीची नक्कल पाहता, अर्जदार जुलैत त्याच निकालावरून झालेल्या फेरफाराला विरोध करत होती असं दिसतं. निकाल मान्य करून ती स्वस्थ बसली नव्हती. निरक्षर स्त्रीने अपिलाऐवजी महसुली कार्यालयात दाद मागणं अस्वाभाविक नाही. भलत्या ठिकाणी सद्भावाने दाद मागण्यात गेलेल्या वेळेकडे कायदा कलम 14 मध्ये सहानुभूतीने बघतो. ते कलम इथे थेट लागू नसलं, तरी त्यातलं तत्त्व पुरेसं कारण ठरवताना विचारात घेता येतं. सबब विलंब माफ. दरखास्त लांबल्यामुळे प्रतिपक्षाला झालेल्या त्रासापोटी खर्च रुपये 3,000, पंधरा दिवसांत. अपील सहा महिन्यांत निकाली काढावं.

भाची : माझाच कागद माझ्यावर उलटवलात! पण बघा, हे लिहायला पाच मिनिटं लागली. आणि मी यात हरले, तरी पक्षकाराला सांगू शकते, की आपली नक्कल साहेबांनी वाचली, त्यांनी तिचा अर्थ असा लावला. उच्च न्यायालयात जायचं असेल, तर कुठे बोट ठेवायचं हेही मला ठाऊक आहे. तलाठ्याकडची हरकत म्हणजे कलम 14 मधली दाद नव्हे, हा माझा मुद्दा. कदाचित टिकेल, कदाचित नाही. पण मुद्दा हातात आहे. ज्याचा विलंब माफ होतो तो कधी आदेश वाचत नाही, त्याला शेवटचा शब्द पुरतो. वाचतो तो ज्याच्या विरुद्ध गेला तो. कारणं त्याच्यासाठी लिहायची असतात.

मामा : आणखी एक गोष्ट तुझ्या बाजूने मीच सांगतो. संसदेने हा अधिकार हळूहळू काढून घ्यायला सुरुवात केलीय. लवादाचा निवाडा रद्द करून घ्यायला तीन महिने अधिक 30 दिवस, त्यापुढे एक दिवसही नाही. ग्राहक आयोगात उत्तर द्यायला 30 अधिक 15 दिवस. व्यापारी दाव्यात लेखी कैफियतीला 120 दिवस, की फाटक बंद. आपल्याच राज्याच्या जलसंपदा विभागाच्या 2021 च्या बोर्से ब्रदर्स प्रकरणात तर लवादाच्या अपिलातही माफी अपवाद म्हणूनच द्या, असं ठरलं. कारणं न देता सरसकट वापरलेला अधिकार फार दिवस हातात राहत नाही. आणि तो गेला, की ऊसतोड कामगारालाही माफी मिळत नाही.

पण एक माझं ठाम आहे. दोन-चार दिवसांच्या उशिराला हा सगळा थाट नको. समोरचा हरकत घेत नसेल, तर तिथे एक ओळ पुरते. ती एक ओळ लिहायचा न्यायाधीशाचा हक्क मी सोडणार नाही.

भाची : एका ओळीला माझी हरकत कधीच नव्हती, मामा. ‘उशीर तीन दिवसांचा, नक्कल टपालाने आल्याचं निशाणी 4 वरच्या पाकिटावरून दिसतं, प्रतिपक्षाची हरकत नाही, विलंब माफ.’ ही एकच ओळ आहे, आणि तिच्यात दिवस आहेत, कारण आहे, पुरावा आहे, समोरचा माणूसही आहे. ‘न्यायहितार्थ अर्ज मंजूर’ हीसुद्धा एकच ओळ. पहिली लिहा, कितीही छोटी लिहा. दुसरी आली, की मी 227 ची याचिका टाइप करायला घेणार.